गरम हातांची पारी

मंगळवार, ४ मार्च

ही वही बायकोच्या हुकमावरून सुरू होते आहे. "चुका लिहून ठेवत जा," ही म्हणाली, "म्हणजे रोज नवीन कराल. त्याच त्याच बघायचा मला कंटाळा येतो." वाक्य माझंच आहे. पेशंटना मी हेच सांगतो, रोज कुठं दुखलं ते लिहून ठेवा. आजवर एकानेही लिहिलेलं नाही. मी मात्र लिहिणार, कारण मी गुणी पेशंट आहे आणि मला हिची भीती वाटते.

तर आमच्या घरात दोन धंदे चालतात. पुढच्या खोलीत माझं फिजिओथेरपीचं क्लिनिक, मागे स्वयंपाकघरात हिचे पाय. खायचे पाय. सफरचंदाचे, अ‍ॅपल पाय. गेली कित्येक वर्षं ते कोपऱ्यावरच्या कॅफेत जातात आणि दुपारच्या आत संपतात; या जानेवारीपासून मात्र हिने सुट्टी घेतलीय. घरात 'पायाचं' म्हटलं की काम माझं, 'पायचं' म्हटलं की हिचं, एवढ्या व्याकरणावर आमचा संसार चाललाय. एकदाच घोटाळा झाला. फोन मी उचलला, पलीकडचा म्हणाला, "शनिवारी दोन पाय हवेत." मी विचारलं, "दोन्हीला सूज आहे का?" तो कॅफेवाला होता. तेव्हापासून मी दिसलो की तो दाढीतल्या दाढीत हसतो. म्हणून आम्ही त्याला दाढी म्हणतो.

आज दाढीचाच निरोप आला. तो दुसरं, मोठं दुकान काढतोय. तिथे एका कारखान्याचे गोठवलेले पाय ठेवावेत असं त्याच्या भागीदाराचं म्हणणं. दाढीला हिचे हवेत. बावीस तारखेला दोन्ही चाखून ठरवतो म्हणाला. नव्या दुकानात कारखाना शिरला तर जुन्या दुकानातही तो शिरणार, हे सांगायला ज्योतिषी नको.

हिने निरोप ऐकला आणि म्हणाली, "आतलं सफरचंद मी करीन. पारी तुम्ही करायची. माझा खांदा धरलाय, लाटणं होत नाही."

"मी?"

"घरात आणखी कोण आहे?"

कोणी नाही. लेक तिच्या गावी, तिच्या नोकरीवर. म्हटलं, दाखव बघू खांदा. तर हात लावू देईना. "घरच्या डॉक्टरचा गुण येत नाही," म्हणाली. मग मी दारात उभा राहूनच निदान केलं, आखडलेला खांदा. या वयात बायकांना होतोच. माझं निदान लांबूनही चुकत नाही.

"बावीस तारखेपर्यंत शिकाल?" हिने विचारलं.

"मैदा आणि बटर. त्यात शिकायचं काय?"

हे वाक्य लिहून ठेवतोय. चूक क्रमांक एक.

गुरुवार, ६ मार्च

आज मैद्याने मला हरवलं.

सकाळचे पेशंट आटोपून ओट्याशी उभा राहिलो. एप्रन बांधला, तो मागे बांधतात की पुढे यावर थोडी चर्चा झाली. ही स्टुलावर बसून सूचना देणार असं ठरलं. हिने सांगितलं, "मैद्यात मीठ घाला आणि बटरचं मोहन द्या," आणि तेवढ्यात दाराची बेल वाजली म्हणून उठून गेली.

मोहन! मोहन म्हणजे काय ते मला ठाऊक आहे. लहानपणी आईच्या पदराला धरून मी स्वयंपाकघरात उभा असायचो. मोहन म्हटलं की ते कडकडीत असायचं. पिठावर ओतलं की चर्र आवाज यायचा आणि आई ओरडायची, लांब हो. तेव्हा मी बटरची अख्खी वडी कढईत टाकली, फेस येईपर्यंत तापवली आणि मैद्यावर ओतली. चर्र आवाज आला. मला आईची आठवण आली. डोळे भरून आले. मी स्वतःवर इतका खूश झालो की उरलेलंही ओतलं.

ही परत आली आणि दारातच थांबली.

"हे काय?"

"मोहन. कडकडीत."

"अहो, गार! पायला बटर गार लागतं, दगडासारखं. त्याचे खडे पिठात तसेच राहायला हवेत, तेव्हा पापुद्रे सुटतात."

"मग मोहन कशाला म्हणालीस?"

"मग काय म्हणू? पिठात स्निग्ध घातलं की मोहनच म्हणतात."

"गार मोहन असं काही नसतं."

"आजपासून असतं."

तरीही वाया घालवायचं नाही म्हणून मी ते थापून, टिनमध्ये बसवून भाजलं. जे बाहेर आलं ते क्लिनिकमध्ये दाराला अटकाव म्हणून ठेवलंय. छान काम करतंय. ही इतकी हसली की तिला भिंतीला धरावं लागलं. बऱ्याच दिवसांनी अशी हसली. म्हणून फजितीचं वाईट वाटलं नाही, थोडंसंच वाटलं.

शुक्रवार, ७ मार्च

बटर गार घेतलं. खडे केले. पिठात घातलं. आणि मग मी ते मळलं. मनापासून मळलं. पाठीचे स्नायू मोकळे करतो तसं तळहाताच्या टाचेने रेटून, गोल गोल, मध्येच बोटांनी दाबून. माझ्या हाताखाली भले भले पैलवान विव्हळतात, तिथे कणकेची काय कथा. गोळा असा झाला की गालाला लावून झोपावं.

"किती वेळ मळताय?" ही म्हणाली.

"तू म्हणशील तेवढा."

"मी मळा म्हणालेच नाही. गोळा करा म्हणाले."

मी जन्मभर ऐकत आलोय की कणीक मळली पाहिजे, नीट मळली पाहिजे. आणि आता या वयात मला सांगतात की जमेल तितका कमी हात लावा. भाजल्यावर पारी इतकी चिवट झाली की सुरीने कापताना ताटली ओट्यावरून सरकली.

ही म्हणाली, "तुम्हाला कुठलीच गोष्ट आहे तशी सोडवत नाही." मी म्हटलं, "हा माझा व्यवसाय आहे." ती म्हणाली, "तेच म्हणतेय."

रविवार, ९ मार्च

लेकीचा फोन. तिला सगळं आधीच कळलेलं होतं, दाराच्या अटकावासकट. "बाबा, मला त्याचा फोटो पाठवा." पाठवला. तिने तो ऑफिसातल्या सगळ्यांना दाखवला असं आता कळतंय. मी कमावत्या मुलीचा बाप असून माझी ही किंमत.

मग तिने एकदम आवाज बदलून विचारलं, "आई कशी आहे?" म्हटलं, मजेत आहे, स्टुलावर बसून राज्य करते. "आईला द्या फोन." दोघी बाल्कनीत जाऊन बोलत बसल्या, दार लावून. माझ्याबद्दलच बोलत असणार.

आजचा शोध म्हणजे माझे हात गरम आहेत. हे पेशंटना फार आवडतं. "तुमचे हात लागले की अर्धं दुखणं पळतं," असं एक आजी म्हणतात, आणि मी ते दर आठवड्याला हिला ऐकवतो. पण बटरलाही माझे हात आवडतात आणि ते वितळून जातं. ज्या हातांवर मी घर चालवलं तेच हात आज नापास. हिने मला नळाखाली हात धरायला लावलं, मग बर्फाच्या वाडग्यात. लाटणंही फ्रीजमध्ये गेलं. वाडगाही. मी म्हटलं, मीही जातो. म्हणाली, जागा नाही.

पारी परवाच्यापेक्षा बरी. म्हणजे दात शाबूत आहेत.

बुधवार, १२ मार्च

आज बँडमास्तर आले होते. हे माझे लाडके पेशंट. आयुष्यभर कर्णा वाजवला, मिरवणुकांच्या पुढे चालले आणि आता कंपवातामुळे स्वतःच्याच खोलीच्या उंबऱ्यापाशी पाय जमिनीला चिकटतात. मी त्यांना तालावर चालवतो. तोंडाने धुन वाजवायची आणि त्या ठेक्यावर पाऊल टाकायचं. आज आम्ही दोघं क्लिनिकमध्ये "पँ पँ पँ" करत फिरत होतो. खिडकीतून बघणाऱ्या पोस्टमनने पत्रं बाहेरच ठेवली.

बँडमास्तर विनोदी माणूस आहे. "डॉक्टर, माझं नाक माझ्या आधी निवृत्त झालं," म्हणाले. "बायकोचं अत्तर येईना, दूध करपलेलं कळेना. मला वाटलं सर्दी आहे. वर्षभर सर्दीचं औषध घेतलं!" आम्ही दोघंही पोट धरून हसलो.

त्यांच्या बायको तेवढ्या वेळात मागे हिच्यापाशी बसल्या होत्या. बराच वेळ बोलत होत्या. मी पाणी प्यायला आत गेलो तर दोघी गप्प झाल्या. मी म्हटलं, चालू द्या, नवऱ्यांच्या चहाड्या. कोणी हसलं नाही. विनोद पडला की मला फार लागतं.

पारी आज केली नाही. हात बँडमास्तरांना दिले.

गुरुवार, १३ मार्च

ही सकाळी एकटीच बाहेर पडली. नवीन टिन बघायला जाते म्हणाली. जाताना मी खिडकीतून पाहिलं, उजवा हात जॅकेटच्या खिशात घालून ऐटीत चालली होती. हल्ली अशीच चालते. कपडेही बदललेत, बटणाचे शर्ट सगळे लेकीला देऊन टाकले आणि डोक्यातून घालायचे घेतले. या वयात फॅशन सुचतेय, मी काही बोललो नाही. बोललो असतो तर माझ्या एप्रनवर विषय आला असता.

दुपारी परत आली. टिन काही आणला नव्हता. "आवडला नाही," म्हणाली. एका टिनसाठी अर्धा दिवस! मी असतो तर दोन मिनिटांत दोन घेऊन आलो असतो, आणि दोन्ही चुकीचे.

जेवताना मी गोळ्याला किती पाणी लागतं ते विचारत होतो, तर ही मध्येच म्हणाली, "मी नसले तरी तुम्हाला अंदाज यायला हवा." म्हटलं, नसशील म्हणजे? कुठं निघालीस? "लेकीकडे गेले तर," म्हणाली.

शनिवार, १५ मार्च

आज विजय! माझा नव्हे, पण हिचा पराभव झाला, आणि मला तेवढंही पुरतं.

भरलेला पाय ओव्हनमध्ये होता. एक पेशंट आला म्हणून मी पुढे गेलो. ही स्वयंपाकघरातच बसली होती, ओव्हनपासून दोन हातांवर, सफरचंदं सोलत. मी गुडघा वाकवतोय, सरळ करतोय, आणि पुढच्या खोलीत जळकट वास. पेशंट म्हणाला, काहीतरी करपतंय. मी धावलो. स्वयंपाकघरात धूर, ओव्हनमध्ये कोळसा आणि बाईसाहेब शांतपणे साल सोलतायत.

"अगं! नाकासमोर जळतंय!"

ही दचकली. ओव्हनकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं. हातातली सुरी खाली ठेवली.

मी सोडतो की काय. "वा शिक्षिकाबाई! माझ्या चुका लिहायच्या आणि तुझ्या?" असं बरंच काही बोललो. चार दिवस मनात साठलेलं सगळं. हिने उठून खिडकी उघडली आणि बाहेर बघत उभी राहिली. मला वाटलं, मान खाली गेली एकदाची. नंतर वाटलं, जरा जास्तच झालं. म्हणून कोळसा मीच खरवडला. टिनला आता चंद्रासारखे खड्डे आहेत.

जेवताना हिने विचारलं, "तुम्हाला अगदी पुढच्या खोलीत वास आला?"

"पेशंटलासुद्धा आला."

"बरं," म्हणाली.

मंगळवार, १८ मार्च

जमली!!

नीट लिहितो. हात बर्फात, मग कोरडे केले. बटर फक्त बोटांच्या टोकांनी चुरलं, आणि पेशंटने हाक मारावी आणि आपण निघावं तसा लगेच हात काढून घेतला. पाणी चमच्याने, बर्फाचं. गोळा दिसायला असा फाटका की मला तो पुन्हा दाबावासा वाटत होता. ही म्हणाली, "हात मागे." मी खरोखर दोन्ही हात पाठीमागे बांधून उभा राहिलो. गोळा फ्रीजमध्ये विसावला. मग लाटला. मधून बाहेर, मधून बाहेर, दर वेळी जरा फिरवून. कडेला चिरला, तिथे ठिगळ लावलं.

भाजून आल्यावर मी सुरी लावली आणि आवाज आला. खर्र. खुसखुशीत पापुद्र्यांचा. मी सुरी काढली आणि पुन्हा लावली, फक्त आवाजासाठी. मग मी स्वयंपाकघरात नाचलो. हे लिहायला लाज वाटते, पण नाचलो, आणि क्लिनिकमध्ये वाट बघणाऱ्या आजींनी ते पाहिलं आणि गुडघा आता बरा आहे म्हणून घरी गेल्या.

हिने तुकडा खाल्ला. सावकाश चावला. डोळ्यांत पाणी आलं. "आता झाली," म्हणाली. "आता मला काळजी नाही." मी किती चांगला शिष्य आहे हे आधीच ठाऊक होतं, पण बायकोला रडू येण्याइतकी पारी आपल्या हातून होईल असं वाटलं नव्हतं. रात्र झाली तरी मला माझ्याशीच आदराने बोलावंसं वाटतंय.

शुक्रवार, २१ मार्च

उद्या परीक्षा. पण आज लिहायचं ते वेगळं आहे. कसं लिहू ते कळत नाही. घडलं तसं लिहितो.

पारी जमली होती, राहिली होती कड. वरची आणि खालची पारी चिमटीत धरायची आणि चुण्या घालत टिनभर फिरायचं. हिला म्हटलं, तुझ्यासारखी घालतो, दाखव. म्हणाली, "तुमच्या मनाने घाला." मनाने घालायला माझ्याकडे मन नाही, मी नक्कल करणारा माणूस. फ्रीजरच्या तळाशी हिने या वर्षाच्या सुरुवातीला केलेला शेवटचा पाय होता, कच्चा, गोठवलेला. ही आंघोळीला गेलेली बघून तो काढला, समोर ठेवला आणि चुणीला चुणी जुळवत बसलो.

हिची कड मजेदार होती. पहिली चुणी अंगठ्याएवढी. पुढची जराशी लहान. त्यापुढची आणखी. असं करत टिनभर फिरून पहिलीच्या शेजारी येईपर्यंत चुण्या तांदळाएवढ्या, नुसत्या टोचल्यासारख्या. म्हटलं, कलाकार बाई आहे, काय डोकं चालवलंय. मी जीव तोडून तशीच्या तशी उतरवली. बारीक चुण्यांना तर हिच्यापेक्षाही बारीक केलं.

ही आली. मी दोन्ही पाय शेजारी शेजारी ठेवून शाबासकीची वाट बघत उभा.

"हे असं का केलंत?" आवाज अगदी लहान.

"तुझं बघून. तुझी स्टाइल ना ही? मोठ्याकडून लहानाकडे?"

"स्टाइल," ही म्हणाली. आणि हसायला लागली. खरंच हसली, ओट्याला धरून. "स्टाइल म्हणे." मग स्टुलावर बसली, आणि ते हसणं नव्हतं.

तेव्हा माझ्या टाळक्यात उजेड पडला. मी पेशंटला कोऱ्या कागदावर एक ओळ लिहायला लावतो. अक्षर मोठं सुरू होऊन पुढे पुढे आकसत जातं आणि ओळीच्या शेवटी दिसेनासं होतं, तेव्हा कंपवात ओळखून मी मान हलवतो. बँडमास्तरांच्या वेळी हलवली होती. त्या अक्षरासारख्या चुण्या माझ्यासमोर होत्या. त्यांची मी नक्कल केली होती.

नाक. खांदा. खिशातला हात. बटणं. सगळं मी पाहिलं होतं आणि एकेकावर विनोद केला होता. सगळ्यांचा हात थरथरतोच असं नाही, कित्येकांचं खांद्यापासून सुरू होतं आणि लोक त्याला आखडलेला खांदा समजतात, हे वाक्य मी दर महिन्याला कुणाच्या तरी नातेवाइकाला ऐकवतो. चष्म्यावरून बघत ऐकवतो.

"कधीपासून माहीत आहे?"

"शंका केव्हापासूनच होती. गेल्या गुरुवारी मोठ्या डॉक्टरांनी नक्की सांगितलं."

"टिन बघायला गेलीस तेव्हा."

"हो. टिन."

"लेकीला?"

"तिला सांगितलंय. तिला मी गप्प केलं. रागावू नका तिच्यावर."

मी रागावलो, पण कोणावर ते मला कळेना. म्हटलं, मी या घरात बसलोय, माझं हेच काम आहे, आणि मला नाही सांगितलंस?

"म्हणूनच नाही सांगितलं," ही म्हणाली. "तुम्हाला कळलं असतं तर दुसऱ्या दिवशी तुम्ही मला पेशंट केलं असतं. हात वर, हात खाली, आज कसं वाटतंय. पेशंटला सगळे शिकवतात हो. पेशंटकडून कोणी काही शिकत नाही. मला आधी पारी तुमच्या हातात घालायची होती. बायको होते तोवर."

"म्हणजे काय, बायको होते तोवर? आता कोण आहेस?"

मी तिच्याशेजारी खाली फरशीवर बसलो, कारण स्टूल एकच आहे. मैद्याचे हात होते, तिचा गाऊन खराब झाला.

मला भीती वाटते आहे. मी दिवसभर लोकांना धीर देतो, त्यातलं एकही वाक्य आज मला पुरेना. संध्याकाळचे पेशंट मी परत पाठवले.

शनिवार, २२ मार्च

सकाळी उठून मी कड मोडायला निघालो. नवीन, सारखी घालतो म्हटलं. ही म्हणाली, "राहू दे. हाच न्यायचा."

"अगं, पण—"

"तुम्ही केलाय. हाच न्यायचा."

भाजला. दोघं मिळून घेऊन गेलो. मी डबा धरला, ती माझ्या डाव्या बाजूला. तिने आज हात खिशात घातला नव्हता. तो हात नुसता अंगाशी होता, हलत नव्हता, आणि मला कोपऱ्यापर्यंत दुसरं काही दिसलं नाही.

दाढीने दोन्ही पाय मांडले. कारखान्याचा गोल, गोरा, गुळगुळीत, पासपोर्टच्या फोटोसारखा. आमचा एका बाजूला फुगलेला. भागीदार घड्याळ बघत उभा. दाढीने आमचा कापला. खर्र आवाज आला. पदवीच्या निकालाचीही मी एवढी वाट बघितली नव्हती. त्याने खाल्ला. पुन्हा खाल्ला. तळाची पारी उचलून उजेडात धरली.

"तळ जरा ओला आहे," म्हणाला. "काकू, हा तुमचा नाही."

"यांचा आहे," ही म्हणाली.

दाढीने माझ्याकडे असं बघितलं की मी आपोआप "सूज वगैरे काही नाही" म्हणालो. भागीदारालाही हसू आलं, त्याला का ते कळलं नसताना.

"आणि ही कड? अशी का?"

ही शांतपणे म्हणाली, "मला आजार झालाय. माझ्या हाताने ती तशी व्हायला लागली. यांना वाटलं नक्षी आहे, यांनी तशीच काढली. सांगून ठेवते, म्हणजे उद्या विचारायला नको. यापुढे पारी हे करतील, आत भरायचं मी करीन, मला येईल तोवर. घ्यायचे तर असे घ्या."

दाढी पुन्हा पायकडे वळला, पुन्हा एक तुकडा तोडला. माणूस विचार करताना खातो. मग म्हणाला, "काकू, कारखान्याचा मी कालच खाल्लाय. अजून दाताला चिकटलाय. मंगळवारपासून दोन्ही दुकानांत पाठवा. तळ तेवढा कोरडा करायला सांगा यांना."

"सांगते," ही म्हणाली. "ऐकत नाहीत, पण सांगते."

घरी येताना मी तिला म्हटलं, जिंकलो गं आपण. ती हो म्हणाली. मला आनंद झाला होता, खरंच झाला होता, आणि त्याच वेळी रस्त्यात खाली बसून मोठ्याने रडावंसं वाटत होतं. डबा रिकामा होता तरी मी तो दोन्ही हातांनी धरला होता.

रविवार, २३ मार्च

क्लिनिक बंद. मी पुढच्या खोलीत बसून काहीबाही आवरत होतो. बेल वाजली. उघडलं तर ही. मागच्या दाराने बाहेर पडून, घराला वळसा घालून पुढच्या दाराशी आली होती. केस विंचरलेले, बाहेर जायची चप्पल.

"आज नंबर मिळेल का?" म्हणाली. "एकदाच बघून घ्या. तुमच्यापासून किती दिवस पळू?"

मी बाजूला झालो. ती पेशंटच्या खुर्चीवर बसली. इतक्या वर्षांत या खोलीत केर काढायला आली असेल, पेशंटला चहा द्यायला आली असेल, पण त्या खुर्चीवर ती कधी बसलेली मला आठवत नाही. मी हात धुतले. टॉवेलने पुसले. पुन्हा धुतले आणि समोर बसलो. मग जन्माची सवय असलेलं वाक्य तोंडातून बाहेर पडलं.

"बसा. कधीपासून त्रास होतोय तुम्हाला?"

ते माझं मलाच ऐकू आलं. लग्न झाल्यापासून मी हिला कधी 'तुम्ही' म्हटलेलं नाही. भांडणातही नाही.

तिचा चेहरा उतरला. "बघा," म्हणाली. "हेच. याचीच भीती होती मला."

मी उठलो. दाराबाहेर गेलो, दार ओढून घेतलं आणि व्हरांड्यात उभा राहिलो. समोरच्या घरातला माणूस झाडांना पाणी घालत होता, त्याने मान हलवली, मीही हलवली. मग दार ढकलून पुन्हा आत आलो. माझी खुर्ची ओढून तिच्या समोर नाही, तिच्या शेजारी लावली.

"काय होतंय गं तुला?"

"हां," ती म्हणाली, आणि सांगायला लागली. पार सुरुवातीपासून, मला न सांगता काढलेल्या सगळ्या दिवसांचं. दुपारची जेवणं तशीच राहिली.